दोन ते चारचा पहारा

साईनाथला फोन लावतानाही गोदाच्या तोंडात रामकृष्णहरी चालूच होतं. सप्ताहाचा सहावा दिवस. पाच दिवस तिने कांद्याला हात लावला नव्हता, पायात चप्पल घातली नव्हती, शेजारणीबद्दल एक वाकडा शब्द काढला नव्हता. आणि आज सकाळी, देवाच्या मंडपामागे, भोपळ्यांच्या ढिगाआड उभी राहून ती सख्ख्या पुतण्याला खोटं शिकवत होती.

"साई, आज चारचा पहारा तुझा हाय ना? तू येव नको."

"काकी? येऊ नको म्हंजे?"

"म्हंजे येव नको. ठान्यालाच ऱ्हा. कोनी इचारला तर सांग, घोडबंदरला ट्रॅफिकमदी अडकलो. सहाला ये."

"सप्ताहात खोटं बोलू?"

"खोटा कुटं बोलतंस? त्या रस्त्यावर रोज कोनतरी अडकलेला असतोच. तू फकस्त तुझा नाव लाव."

साईनाथ म्हणजे बँकेत कॅशियर असलेला सरळ पोरगा. आयुष्यात त्याने शाळेलासुद्धा दांडी मारली नव्हती. शेवटी "बरं" म्हणाला, आणि गोदाने फोन कमरेला खोचून विठ्ठलाच्या दिशेने हात जोडले. "तुना सगला दिसतंय," ती पुटपुटली, "मंग मी कयाला हे केलंय तेपन दिसत आसंल."

डोंबिवलीच्या पश्चिमेला, खाडीच्या अंगाला असलेलं हे गाव आता वीस-बावीस मजली इमारतींच्या बेचक्यात सापडलं होतं. पण सप्ताह चुकला नव्हता. सात दिवस वीणा वाजती राहायची. दर दोन तासांनी माणूस बदलायचा, वीणा जमिनीला टेकायची नाही. ती गळ्यात असेपर्यंत तोंडातून नामाशिवाय शब्द काढायचा नाही, मग समोर कोणी येवो. आणि एकाने दुसऱ्याच्या गळ्यात घालताना दोघांनी एकमेकांच्या पायांवर डोकं ठेवायचं, मग उराउरी भेटायचं. बाप मुलाच्या पाया पडतो, मालक गड्याच्या पडतो. त्या क्षणापुरता लहान-मोठा कोणी नसतो. आधी नमस्कार, मग वीणा. नमस्काराशिवाय वीणा हलत नाही.

गोदाचा सगळा डाव ह्या एका नमस्कारावर उभा होता.

दोन ते चारचा पहारा तिच्या नवऱ्याचा, परशुरामबुवांचा. चारला साईनाथ आला नाही, तर वीणा कोणीतरी घ्यायला हवी. आणि ते कोणीतरी म्हणजे कल्पिता, त्यांची लेक, जिच्याशी बुवा तीन वर्षांत एक शब्द बोलले नव्हते. परवा गुरुवारी तिचं लिस्बनचं विमान होतं.

लोकांना वाटायचं, कल्पिताने ठाण्याच्या लिओनेलशी, एका ख्रिस्ती मुलाशी लग्न केलं म्हणून बुवा रुसले. तसं अजिबात नव्हतं. त्या लग्नाला बुवा आपणहून उभे राहिले होते. जावयाला मिठी मारून म्हणाले होते, "तुमचे आजोबा आणि माझे वडील एकाच मिठागरात राबले. आपलं मीठ आधीपासून एकच आहे." दुखणं वेगळंच होतं. दुखणं एका कवितेचं होतं.

कल्पिता चार भाषांत लिहायची. घरची आगरी, शाळेची मराठी, कॉलेजची इंग्रजी, आणि आठ वर्षं लिस्बनच्या एका इस्पितळात डॉक्टर आणि परमुलखातून आलेले रोगी यांच्यामध्ये दुभाष्याचं काम करता करता अंगवळणी पडलेली पोर्तुगीज. तीन वर्षांपूर्वी एका दिवाळी अंकात तिची कविता आली:

बाबांनी माझ्या जिभेवर मीठ ठेवलं
आणि म्हणाले, आता बोल.
तेव्हापासून मी चार भाषांत बोलते
आणि चारही भाषांत तहानलेली असते.

बुवांचा चुलतभाऊ प्रफुल्ल, सप्ताहाचा सेक्रेटरी, त्याने ह्या पानाचा फोटो काढून भावकीच्या ग्रुपवर टाकला आणि खाली लिहिलं, "दादा, लेकराच्या जिभेला मीठ चोळलंत?" कविता कशी वाचायची ते प्रफुल्लला ठाऊक नव्हतं, आणि भावकीला तर नव्हतंच. आठवडाभर कट्ट्यावर तेच. कीर्तनाला उभा राहणारा माणूस, पोटच्या पोरीला असं करतो? त्या वर्षी बुवांनी कीर्तनाची सगळी आमंत्रणं परत पाठवली. लेकीचा फोन आला की ते उठून ओट्यावर जायचे.

ह्या खेपेला कल्पिता पंधरा दिवस आली होती. समोरासमोर बसून जेवायची, आणि बाप भाजी मागायचा तीसुद्धा गोदाकडे. दोन दिवसांपूर्वी तांदूळ निवडता निवडता ती आईला म्हणाली होती, "आय, मी तीन वर्सं कायच लिवला नाय. तिकडं इचारतान, तू कुटची? हितं रिक्षावाला इचारतो, मॅडम, बाहरसे आये क्या? मी दोगांना पन खरा सांगू शकत नाय. कागद घेतला का वाटतं, कंच्याच भाषेला मी नको झालेय."

गोदाने त्याच रात्री ठरवलं, पाप लागलं तर लागलं.

दुपारी दोनला बुवांनी वीणा घेतली. पांढरं धोतर, गळ्यात तुळशीची माळ, उजव्या गुडघ्याला पट्टा. मागच्या वर्षी गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं. दोन तास उभं राहणं हीच त्यांची हद्द, असं डॉक्टरने बजावलं होतं. मंडपात दुपारची पेंग होती. महाप्रसाद आटोपलेला, पंगतीच्या पत्रावळी उचललेल्या. दोन म्हातारे टाळकरी भिंतीला टेकून टाळ वाजवत होते, डोळे मिटून. विकी, गोदाचा धाकटा मुलगा, संध्याकाळच्या कीर्तनकारांना आणायला कल्याण स्टेशनला गेला होता.

कल्पिता आणि लिओनेल सकाळीच ठाण्याला गेले होते, लिओनेलच्या आईला, जॉर्जिनाबाईंना घेऊन यायला. गोदाने लेकीला नीट सांगितलं होतं: डोक्यावरून न्हाऊन ये, साडेतीनला मंडपात हजर. कशाला, ते सांगितलं नव्हतं. कल्पिताने विचारलंही नव्हतं. फक्त आईकडे बघून मान हलवली होती.

साडेतीन झाले. पावणेचार झाले. फाटकाकडे बघून गोदाची मान अवघडली. तिने फोन लावला. उचलला जॉर्जिनाबाईंनी.

"विहीनबाय! आमी अडकलाव गो! माजिवड्याला येक ट्रक आडवा परलाय. तासभर गारी हलली नाय. लिओ निसता हॉर्न मारतंय, जसा काय हॉर्नला घाबरून ट्रक उठनार हाय."

गोदाने विठ्ठलाकडे बघितलं. देव ऐकतो म्हणतात, तो असा ऐकतो होय? तिने खोटा ट्रॅफिक मागितला होता, त्याने खरा पाठवला.

"आनि तुजी पोर," जॉर्जिनाबाई सांगत होत्या, "सकालधरना पान्याशिवाय तोंडात काय घेतला नाय. मी तिच्यासाटी मैद्याचे बिनअंड्याचे फुगे तललेले. येक खाल्ला आसंल तर शप्पत. बोलते, आज नको. मी बोल्लू, अगो फुग्यानं सप्ताह बाटत नाय!"

"किती येल लागंल, विहीनबाय?"

"येशूला ठाव नि ट्रॅफिक पोलिसाला ठाव. त्यातला येक समोर उभा हाय, त्यालापन ठाव नाय."

चार वाजले. मंडपातल्या फळ्यावर खडूने लिहिलेलं होतं: चार ते सहा, साईनाथ. प्रफुल्लने घड्याळ बघितलं, फळा बघितला, फाटक बघितलं.

"वहिनी, साई कुठाय?"

"घोडबंदरला अडकलाय," गोदा म्हणाली. जीभ अडखळली, पण प्रफुल्लला संशय आला नाही. त्या रस्त्याबद्दल कोणीच कधी शंका घेत नाही.

सव्वाचार. बुवांचं नाम चालू होतं, पण आवाज खाली आला होता. डावा पाय भक्कम, उजवा हळूच उचलून ठेवायचे. पट्ट्याच्या वरचा भाग सुजलेला धोतरातूनही दिसत होता. हे आपण काय करून बसलो! लेकीला बाप मिळवून देता देता बापाचा गुडघा घालवणार. उठून सगळं सांगून टाकावं, साईला बोलवावं. पण साई ठाण्यात, तोही आता यायचा कुठून?

प्रफुल्ल पुढे झाला. उपरणं कमरेला बांधलं, पाय धुऊन आला आणि बुवांसमोर उभा राहिला. "दादा, द्या. मी घेतो. माझा सहाचा आहे, पण आत्तापासून उभा राहतो."

गोदाला वाटलं, संपलं. आता हे देणार, आणि सगळा डाव फुकट.

बुवांनी प्रफुल्लकडे बघितलं. ओठांवर नाम तसंच. मग सावकाश, दोनदा, मान आडवी हलवली.

"अहो, गुडघा बघा तुमचा!"

पुन्हा नाही.

प्रफुल्लचा चेहरा पडला. तो मागे सरला आणि गोदाजवळ येऊन हळू आवाजात म्हणाला, "वहिनी, समजलं मला. माझ्या पाया पडायला नको वाटतंय दादांना. ते ग्रुपचं अजून मनात आहे."

"तुज्या मनात नाय काय?" गोदाने विचारलं.

प्रफुल्ल खिशातला खडू काढून बोटांत फिरवत राहिला. मग म्हणाला, "मी गंमत केलेली, वहिनी. मला वाटलेलं दादा हसतील. एवढं होईल असं वाटलं असतं तर टाकलं नसतं. मग काढून टाकायची पण लाज वाटली."

"तीन वर्सं लाज वाटत व्हती?"

"रोज वाटते."

साडेचार. पावणेपाच. टाळकऱ्यांपैकी एकाने डोळे उघडून बुवांकडे बघितलं आणि न सांगता टाळाचा ठेका जरा धीमा केला, त्यांना श्वास मिळावा म्हणून. बुवा घामाने निथळत होते. पण एक गोष्ट गोदाच्या आत्ता लक्षात आली. ते विठ्ठलाकडे बघत नव्हते. त्यांची नजर सारखी फाटकाकडे जात होती.

आणि फाटकात गाडी थांबली.

कल्पिता धावतच आली. ओले केस सुकून पिंजारलेले, साडीचा पदर कमरेला. मागून लिओनेल, त्याच्या मागून एका हाताने झगा आणि दुसऱ्या हाताने फुग्यांचा डबा सांभाळत जॉर्जिनाबाई. कल्पिता नळावर गेली, पाय धुतले आणि मंडपाच्या कडेला येऊन थबकली. पुढे येईना. बापलेक एकमेकांकडे बघत उभे, मध्ये दहा पावलं सतरंजी.

"कल्पिता घेईल," गोदा म्हणाली. मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं.

प्रफुल्ल गडबडला. "वहिनी, बायकांचा पहारा सकाळी असतो. दुपारी आपल्याकडे कधी..."

"मंग वीना खाली ठेवायची का?"

भिंतीकडच्या म्हाताऱ्याने टाळ न थांबवता फक्त मान डोलावली, "ये पोरी."

कल्पिता समोर आली. खाली वाकली आणि बापाच्या पायांवर डोकं ठेवलं. ऑपरेशनच्या गुडघ्याला पदराचा धक्का लागू नये म्हणून तो तिने बाजूला धरला होता. ती उठली. आता बुवांची पाळी. गोदाला वाटलं, ह्या गुडघ्याने वाकता नाही येणार त्यांना, नुसते हात जोडतील, आणि कोणी काही म्हणणारही नाही. लिओनेल आधार द्यायला पुढे सरसावला. बुवांनी त्याला डोळ्यांनीच थांबवलं. एका हाताने वीणा छातीशी धरून ते वाकले, हळूहळू, दात ओठांवर रोवून, आणि आपलं पिकलेलं डोकं लेकीच्या ओल्या पायांवर टेकवलं.

तिथेच राहिले. एवढा वेळ राहिले की टाळकरी एक आवर्तन चुकला.

मग लिओनेलनेच त्यांना उठवलं. उराउरी भेट झाली, वीणा मध्ये घेऊन. बुवांनी वीणेचा पट्टा स्वतःच्या मानेवरून काढला आणि कल्पिताच्या गळ्यात घातला. तिने तारेवर बोट टेकवलं, नाम उचललं. आवाज फाटका होता, पण सूर धरून होता. वीणा थांबली नाही.

बुवा मोकळे झाले. तीन तास नामाशिवाय न बोललेल्या तोंडाने त्यांनी पहिलं काय म्हणावं? ज्या माणसाने पस्तीस वर्षं घरात पुस्तकातल्यासारखी मराठी बोलायला लावली, जेवायला बसल्यावर 'पाणी'ऐवजी 'पानी' म्हटलं तर पेला पुढे केला नाही, तो माणूस लेकीच्या गालाला हात लावून म्हणाला,

"बाय, जेवलीस का गो?"

कल्पिताचे डोळे भरून वाहू लागले. पण वीणा गळ्यात. उत्तर कसं देणार? ती रामकृष्णहरी म्हणत राहिली, आणि मान हलवायचंही तिला सुचलं नाही.

लिओनेलने खुर्ची आणली. बुवा कल्पिताच्या समोरच बसले. गोदाने गुडघ्याला तेल लावायला घेतलं आणि जॉर्जिनाबाईंनी न विचारता त्यांच्या हातात फुगा दिला. तो हातात धरून, न खाता, बुवा बोलायला लागले.

"तीन वर्षं बोललो नाही, आणि आता बोलतोय तेव्हा तुला बोलता येत नाही. हे बरं झालं. तू बोललीस तर मला पुढचं सांगता येणार नाही."

वीणा वाजत राहिली.

"ती कविता मला पाठ आहे. कीर्तनाच्या वहीत ठेवलेली आहे, आईला विचार. पण तिच्यातलं मीठ तसं नव्हतं, कल्पी. तू आठवीत होतीस. वक्तृत्वाची स्पर्धा, कल्याणला. आदल्या दिवशी तुझा घसा बसलेला. मी खडामीठ दिलं, जिभेवर धर म्हटलं, हळूहळू विरघळू दे. घसा मोकळा व्हावा म्हणून. आणि सकाळी म्हटलं, आता बोल. तू पहिली आलीस." त्यांनी उपरण्याने डोळे पुसले. "लोक म्हणाले, मीठ चोळलं. मला राग त्यांचा आला नाही. मला वाटलं, तुलाही तसंच आठवतं की काय."

कल्पिता नाम घेता घेता जोरजोरात मान हलवत होती. नाही, नाही.

"कळलं. आत्ता कळलं." बुवा थांबले. तेलाचा हात थांबवून गोदा वर बघत होती. "पण दुसरी गोष्ट खरी लिहिलीस. तहानेची. ती मीच लावली. मी एकोणीस वर्षांचा होतो. ठाण्याला एका मोठ्या मंडपात पहिल्यांदा कीर्तनाला उभा राहिलो. तोंड उघडलं आणि आपली बोली आली. पुढच्या रांगेतली माणसं हसली. वाईट नव्हती ती, नुसती हसली. मी त्या दिवशी ठरवलं, माझ्या लेकरांना कोणी हसता कामा नये. तुझी बोली मी घरातून बाहेर काढली. आईची मात्र काढता आली नाही."

"माजी कोन काढतंय!" गोदा म्हणाली.

मागे कोणीतरी हसलं. प्रफुल्ल होता. तोंड उपरण्यात लपवून, डोळे लाल.

"तू तिकडे दवाखान्यात परक्या माणसांचं दुखणं दुसऱ्या भाषेत सांगतेस," बुवा म्हणाले. "मी इथे तेच करतो. देवाचं ह्यांना, ह्यांचं देवाला. पण मी एकाच भाषेत केलं. तुझ्याकडे चार आहेत. मला वाटायचं, पोर विखुरली. आज उभा राहून राहून वाटलं, विखुरली कशाला, पसरली."

सहा वाजत आले. फाटकातून साईनाथ आला, इस्त्रीचा सदरा, केसांत पाणी, कपाळावर ताजा बुक्का. ट्रॅफिकमध्ये दोन तास अडकलेला माणूस इतका टवटवीत कोणी पाहिला नव्हता.

"काका, ते घोडबंदरला..." त्याने पाठ केलेलं सुरू केलं.

"पुरे," बुवा म्हणाले. "सकाळी साडेआठला फोनवर ऐकलं ते पुरे आहे."

गोदाच्या हातातली तेलाची वाटी तिरकी झाली. "सकाली? साई, तू सकाली यांना फोन केलास?"

साईनाथने मान खाली घातली. "काकी, मी विचारलं फक्त. म्हटलं, काकी खोटं बोलायला सांगते, बोलू का?"

"आनि हे काय बोलले?"

"म्हणाले, काकी सांगते तसं कर."

गोदा नवऱ्याकडे बघत राहिली. म्हणजे सकाळपासून ठाऊक होतं. प्रफुल्लला नाही म्हटलं ते त्यासाठी. सुजलेल्या गुडघ्यावर पाऊण तास जास्तीचा उभा राहिला हा माणूस, जाणूनबुजून, फाटकाकडे बघत. आणि आपण इथे एकट्याच पापाच्या भीतीने अर्ध्या झालो! पाप झालंच असेल, तर अर्धं ह्यांच्या नावावर. तिला एकदम हलकं वाटलं. तिने हसू दाबलं आणि जरा जास्तच जोराने गुडघा चोळला.

"आई गं!" बुवा म्हणाले.

"लागूदे. तुमाला ठाव हाय हे कललं आसतं तर मी तुमाला पावनेपाचपर्यंत उभा ठेवला आसता का?"

सहाला प्रफुल्लची पाळी. त्याने आधी फळ्यापाशी जाऊन 'साईनाथ' पुसलं, तिथे 'कल्पिता परशुराम' लिहिलं, आणि मग येऊन तिच्यासमोर उभा राहिला. तिने वाकायच्या आत तोच वाकला. तिच्या पायांवरून उठताना काहीतरी पुटपुटला, ते नाम नव्हतं. पण वीणा अजून त्याच्या गळ्यात आली नव्हती, त्यामुळे चालून गेलं. कल्पिताही त्याच्या पाया पडली. काकाने पुतणीला छातीशी धरलं, आणि वीणा ह्या मानेवरून त्या मानेवर गेली.

कल्पिता मोकळी झाली. पदराने तोंड पुसलं. सगळे तिच्याकडे बघत होते. लिओनेल, जॉर्जिनाबाई, आई, भिंतीचे म्हातारे, सगळ्यांना वाटलं, आता ती काहीतरी मोठं बोलणार.

ती बापाच्या खुर्चीपाशी सतरंजीवर बसली. त्यांनी तासाभरापासून हातात तसाच धरलेला, गार झालेला फुगा तिने काढून घेतला, आणि राहिलेलं उत्तर दिलं.

"नाय जेवलू, बाबा. लय भूक लागलेय."